गळ्यावरच्या गाठी आणि फुप्फुसातली पिशवी: एका कुटुंबाचे प्रकरण

पार्श्वभूमी

मुलगा अडीच वर्षांचा. दक्षिण महाराष्ट्रातल्या एका तालुक्याच्या गावचे कुटुंब. वडील साखर कारखान्यात फिटर, जोडीला थोडी बागायती शेती. घरात आठ वर्षांची थोरली मुलगी आणि दोन महिन्यांची धाकटी. (ओळख पटू नये म्हणून काही किरकोळ तपशील बदलले आहेत. आजाराचा घटनाक्रम मात्र आहे तसाच ठेवला आहे.)

मुलाला चार दिवस ताप आणि खोकला होता. पाचव्या दिवशी पहाटे त्याला धाप लागली. गावातल्या बालरोगतज्ज्ञांनी एक्स-रे काढला, तर उजव्या बाजूला छातीत हवा साठून फुप्फुस दबलेले. मुलाला लगेच जिल्ह्याच्या ठिकाणी नेऊन छातीत नळी घातली. हवा निघाली, धाप कमी झाली, पण फुप्फुस पुरते फुलेना. सीटी स्कॅनमध्ये उजव्या फुप्फुसाच्या खालच्या भागात पडदे असलेली मोठी पिशवी दिसली आणि पिशवीच्या तळाशी घट्ट मांसल भाग.

जुनी फाइल चाळताना आणखी एक गोष्ट निघाली. मुलगा नऊ महिन्यांचा असताना त्याला न्यूमोनिया झाला होता आणि तेव्हाच्या एक्स-रेत नेमक्या त्याच जागी एक गोल पोकळी होती. ती जन्मजात असावी किंवा न्यूमोनियामुळे झालेली असावी, मोठा झाल्यावर बघू, असे तेव्हा ठरले. मूल बरे झाले, वजन वाढले, पळू लागले. पोकळीकडे परत कुणी पाहिले नाही.

आपल्याकडे मुलाच्या छातीत काही विचित्र दिसले की पहिली शंका क्षयाची येते, आणि ती रास्तच असते. इथेही जठरातला स्राव सीबीनॅट या क्षयाच्या तपासणीला पाठवला. निकाल निगेटिव्ह आला. तरी टीबीची औषधे सुरू करून दोन महिने वाट पाहावी असे एक मत होते. बालशल्यचिकित्सकांनी ते मानले नाही. पिशवीत घट्ट भाग आहे, पिशवी एकदा फुटली आहे आणि गर्भारपणातल्या पाचव्या महिन्याच्या सोनोग्राफीत बाळाची फुप्फुसे स्वच्छ होती, या तीन गोष्टी त्यांनी एकत्र मांडल्या. फुप्फुसाचे जन्मजात दोष बहुधा त्या सोनोग्राफीत दिसतात. इथे काही दिसले नव्हते, म्हणजे पिशवी नंतर वाढलेली. या प्रकरणातला हा पहिला मोठा निर्णय आणि माझ्या मते सर्वांत मोलाचा. दोन महिने तसेच गेले असते तर पुढचे सगळे वेगळे झाले असते.

फुप्फुसाचा तो खंड काढला. पॅथॉलॉजीचा अहवाल आला: प्ल्यूरोपल्मनरी ब्लास्टोमा, टाइप २.

अडचण

हा लहान मुलांच्या फुप्फुसाचा कर्करोग. एकूणात दुर्मीळ, पण त्या वयात फुप्फुसातच सुरू होणाऱ्या कर्करोगांमध्ये सर्वाधिक आढळणारा. टाइप १ म्हणजे नुसती पिशवी, निदानाचे वय साधारण आठ महिने. टाइप २ मध्ये पिशवीसोबत घट्ट गाठ असते आणि वय तीन वर्षांच्या आसपास. टाइप ३ पूर्ण घट्ट, वय साडेतीनच्या आसपास. या एकाच आजाराच्या चढत्या पायऱ्या आहेत. टाइप १ मध्ये पाच वर्षांनंतर दहातली नऊ मुले हयात असतात. टाइप २ मध्ये सुमारे सात, टाइप ३ मध्ये जेमतेम पाच. नऊ महिन्यांच्या एक्स-रेतली ती पोकळी टाइप १ असण्याची शक्यता दाट होती.

मुलाच्या उपचाराची वाट ठरलेली होती. शस्त्रक्रियेनंतर चार औषधांची किमोथेरपी: आयफॉस्फामाइड, व्हिन्क्रिस्टीन, ॲक्टिनोमायसिन-डी आणि डॉक्सोरुबिसिन. हा आजार मेंदूत पसरू शकतो, म्हणून मेंदूचा एमआरआयही झाला; तो स्वच्छ होता. अवघड प्रश्न दुसराच होता. हा कर्करोग झालेल्या साधारण ७० टक्के मुलांमध्ये जन्मापासूनच डायसर-१ या जनुकात दोष असतो. कुटुंबांतून चालत आलेल्या या दोषाचा शोध २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. दोष असलेल्या दर पाच मुलांपैकी चौघांना तो आई किंवा वडिलांकडून आलेला असतो. म्हणजे घरात दोन महिन्यांची बहीण असताना हा प्रश्न एका मुलापुरता राहत नव्हता.

मी जनुकीय समुपदेशक म्हणून या टप्प्यावर आले. आधीच्या कागदांवर कुटुंबाच्या इतिहासापुढे ‘विशेष नाही’ असे लिहिलेले होते. घरात कुणाला कॅन्सर झाला का, असे विचारले होते आणि उत्तर ‘नाही’ आले होते. उत्तर खरेच होते. मी तोच प्रश्न न विचारता आईच्या गळ्याकडे पाहून विचारले, “ताई, ही गाठ कधीपासून?” तिच्या शेजारी बसलेल्या तिच्या आईनेच उत्तर दिले. “आमच्याकडं गळा सगळ्यांचाच सुजतो, बाई. माझं तर पस्तिसाव्या वर्षीच आपरेशन झालं. मिठाचं आहे ते.”

मिठाचे आहे, हे त्या पिढीच्या तोंडी सहज येते. १९६२ मध्ये देशात राष्ट्रीय गलगंड नियंत्रण कार्यक्रम सुरू झाला, पुढे आयोडीनयुक्त मीठ घरोघरी पोचले आणि गलगंड म्हणजे आयोडीनची कमतरता हे समीकरण डॉक्टरांच्याही मनात पक्के बसले. बहुतेक वेळा ते बरोबरही असते. पण तीन पिढ्या नीट मीठ खाणाऱ्या घरात आजीला तरुणपणी, आईला एकोणतिसाव्या वर्षी अनेक गाठींचा गलगंड असेल आणि नातवाच्या फुप्फुसात पिशवी असेल, तर विचार मिठापाशी थांबवून चालत नाही. डायसर-१ दोष असलेल्या स्त्रियांपैकी सुमारे ७५ टक्के स्त्रियांना चाळिशीपर्यंत अनेक गाठींचा गलगंड होतो किंवा थायरॉइड काढावी लागलेली असते. पुरुषांत हे प्रमाण १७ टक्के.

आणखी विचारल्यावर मावशीचा विषय निघाला, तोही आजी बाहेर गेल्यावर. मुलाच्या आईची धाकटी बहीण सोळा वर्षांची असताना तिची पाळी थांबली, आवाज जाड झाला, ओठांवर लव आली. तपासणीत उजव्या अंडाशयात गाठ सापडली आणि ती काढली. घरच्यांनी ही गोष्ट दडवून तिचे लग्न केले. सासरी कुणाला काही माहीत नाही. जुना अहवाल आईच्या कपाटात होता. सर्टोली-लेडिग पेशींची गाठ, असे त्यात लिहिले होते. हीसुद्धा डायसर-१ शी जोडलेली गाठ आहे.

मायक्रोआरएनए कसे घडतात आणि इथे काय बिघडले

मुलाचे रक्त आणि शस्त्रक्रियेत काढलेल्या गाठीचा नमुना, दोन्ही तपासले. गाठीत डायसर-१ चे दोन दोष सापडले. पहिला रक्तातही होता, म्हणजे शरीरातल्या प्रत्येक पेशीत. त्याने जनुकाची एक प्रत पूर्ण निकामी केली होती. दुसरा फक्त गाठीत होता आणि त्याने उरलेल्या प्रतीतला एकच घटक बदलला होता: प्रथिनाच्या साखळीतल्या १७०९ व्या जागेवरचे अमिनो आम्ल. जगभरातल्या अशा गाठींमध्ये हा दुसरा दोष पुन्हा पुन्हा १७०५, १७०९, १८०९, १८१० आणि १८१३ अशा मोजक्या जागांवरच सापडतो. १,९२२ अमिनो आम्लांच्या प्रथिनात याच जागा का, हे कळायला मायक्रोआरएनए कसे तयार होतात ते पाहावे लागते. हा भाग सोडून दिला की आई-वडिलांच्या हाती फक्त भीती उरते, म्हणून मी तो समुपदेशनात सोडत नाही.

आरएनए म्हणजे जनुकावरून निघणारी प्रत, आणि न्यूक्लिओटाइड म्हणजे तिच्या साखळीतला एकेक दुवा. मायक्रोआरएनए म्हणजे सुमारे २२ न्यूक्लिओटाइडांचा आरएनएचा तुकडा. त्यापासून प्रथिन बनत नाही. इतर जनुकांपासून किती प्रथिन बनावे यावर तो लगाम ठेवतो. पहिला मायक्रोआरएनए १९९३ मध्ये एका सूक्ष्म गोलकृमीत सापडला. व्हिक्टर ॲम्ब्रोस आणि गॅरी रुवकुन यांच्या त्या कामाला २०२४ चे नोबेल मिळाले. तो कृमीपुरताच प्रकार वाटत होता. २००० मध्ये लेट-७ हा मायक्रोआरएनए कृमीपासून माणसापर्यंत जवळजवळ जसाच्या तसा आढळला, तेव्हा चित्र बदलले.

तो एकदम २२ चा तयार होत नाही. केंद्रकात आधी शेकडो-हजारो न्यूक्लिओटाइडांची लांब प्रत निघते, आणि तिच्यात जागोजागी आरएनए स्वतःवरच दुमडून केसांच्या पिनेसारखे आकार होतात. ड्रोशा हे एन्झाइम डीजीसीआर-८ या साथीदार प्रथिनासह त्या आकाराचे बूड कापते. साधारण ६० ते ७० न्यूक्लिओटाइडांची पिन सुटी होते. एक्सपोर्टिन-५ तिला केंद्रकाबाहेर नेते. बाहेर डायसर असते, म्हणजे डायसर-१ जनुकापासून बनणारे एन्झाइम. ते पिनेचे मोकळे टोक धरते, तिथपासून ठरावीक अंतर मोजते आणि वरचा फासा, म्हणजे पिनेचे वळण, कापून टाकते. उरतो दोन पदरांचा छोटा तुकडा. त्यातला एक पदर आर्गोनॉट या प्रथिनात बसतो, दुसरा टाकून दिला जातो.

आर्गोनॉटमध्ये बसलेल्या पदराचे दुसऱ्या ते आठव्या क्रमांकाचे न्यूक्लिओटाइड फार महत्त्वाचे. ज्या आरएनएवरून प्रथिन बनते त्याला एमआरएनए म्हणतात. त्याच्या शेवटच्या, प्रथिन न बनवणाऱ्या भागात त्यांना जुळणारी ओळ सापडली की आर्गोनॉट तिथे चिकटते आणि आणखी प्रथिने बोलावते. ती एमआरएनएची ॲडेनाइनांची शेपटी कुरतडतात, मग टोकाची टोपी निघते आणि एमआरएनए नष्ट होतो. शिवाय त्यावरून प्रथिन बनण्याचा वेगही मंदावतो. एका मायक्रोआरएनएमुळे एका जनुकाचे प्रथिन बहुधा थोडेच घटते, निम्मेसुद्धा नाही. पण एकेका मायक्रोआरएनएची शेकडो लक्ष्ये असतात, आणि माणसाच्या प्रथिन बनवणाऱ्या जनुकांपैकी निम्म्याहून अधिक जनुकांवर असा लगाम आहे. वाढत्या अवयवात हे थोडे थोडे एकत्र येऊन पेशीने वाढत राहायचे की प्रौढ व्हायचे हे ठरते.

आता त्या पाच जागा. डायसरला कापणाऱ्या दोन जागा असतात. एक पिनेचा डावा पदर फाशापासून सोडवते, दुसरी उजवा. (डावा म्हणजे आरएनएच्या सुरुवातीकडचा, उजवा म्हणजे शेवटाकडचा.) डावा पदर सोडवणारी जागा चालण्यासाठी धातूचे आयन धरावे लागतात आणि हे आयन धरण्यात १७०५, १७०९, १८१० आणि १८१३ या जागा गुंतलेल्या असतात, १८०९ त्यांना लागून आहे. तिथे बिघाड झाला की उजवा पदर सुटतो, पण डावा फाशाला लटकत राहतो आणि आर्गोनॉटमध्ये बसू शकत नाही. म्हणजे डायसर बंद पडत नाही. ते अर्धेच काम करते. पेशीतले उजव्या पदराचे मायक्रोआरएनए बनत राहतात, डाव्या पदराचे आटतात.

लेट-७ च्या कुटुंबातले बहुतेक कामाचे पदर डावे आहेत, आणि दुर्दैव नेमके तिथे आहे. लेट-७ भ्रूणावस्थेत चालणाऱ्या वाढीच्या जनुकांना, उदाहरणार्थ एचएमजीए-२ आणि लिन-२८बी यांना, वेळेवर आवरते. तो आटला की पेशी भ्रूणाच्या वयात अडकल्यासारखी वाढत राहते. वाढत्या फुप्फुसात त्यातून पिशवी आणि मग गाठ होते. अंडाशयात आणि थायरॉइडमध्ये त्याच बिघाडाची रूपे वेगळी दिसतात.

उंदराच्या गर्भातून डायसर पूर्ण काढले तर गर्भ अगदी सुरुवातीलाच मरतो. पेशीला डायसरशिवाय फारसे तगता येत नाही. गाठीत दोन्ही प्रती पूर्ण निकामी झालेल्या क्वचितच का दिसतात, याचे उत्तर यातून मिळते. एक प्रत गेलेली आणि दुसरी अर्धवट, ही जोडीच पेशीला जिवंतही ठेवते आणि बेलगामही करते.

मुलाच्या वडिलांना मी हे विहिरीवरच्या दोन पंपांच्या भाषेत सांगितले. एक पंप जन्मापासून बंद आहे; दुसऱ्यावर शेत भिजते, म्हणून दोष असलेली बहुतेक माणसे धडधाकट असतात. एखाद्या जागी दुसरा पंपही बिघडला आणि निम्म्याच सऱ्यांना पाणी जाऊ लागले, की तेवढ्या तुकड्यात गडबड होते. त्यांनी लगेच विचारले, “मग माझ्या धाकटीचा दुसरा पंप कधी बिघडेल, ते कळतं का?” कळत नाही. पण कुठे आणि कोणत्या वयात पाहायचे, हे ठरवता येते.

कोणते पर्याय होते

आईच्या रक्तात तोच दोष सापडला. वडिलांच्या रक्तात नव्हता. म्हणजे प्रत्येक मुलाला दोष मिळण्याची शक्यता निम्मी.

बहिणींच्या बाबतीत तीन वाटा समोर होत्या. मुलाची किमो संपेपर्यंत थांबावे, ही पहिली. घर आधीच खचलेले होते. शस्त्रक्रिया आणि किमो सरकारी आरोग्य योजनेत बसल्या होत्या, जनुक चाचणीचा खर्च मात्र घरच्यांवर पडत होता. चाचणी न करता दोघींचे थेट स्कॅन करावेत, ही दुसरी. यात चाचणीचा खर्च वाचतो, पण दोष नसलेल्या मुलीलाही वर्षानुवर्षे भूल, किरण आणि फेऱ्या सोसाव्या लागतात. तिसरी वाट म्हणजे दोघींची चाचणी आत्ताच.

धाकटीसाठी वेळ फार महत्त्वाची होती. दोष असलेल्या बाळाचा छातीचा पहिला सीटी तीन ते सहा महिन्यांच्या वयात करावा, असा २०१८ चा आंतरराष्ट्रीय सल्ला आहे. त्या वयात पिशवी असली तर ती टाइप १ असताना सापडते. चाचणीचा अहवाल यायला तीन-चार आठवडे लागतात. किमो संपण्याची वाट पाहिली असती तर ही खिडकी निसटली असती. थोरलीच्या बाबतीत इतकी घाई नव्हती. वयाच्या आठ वर्षांनंतर फुप्फुसाचा धोका फार कमी होतो. तिच्यासाठी प्रश्न थायरॉइडचा आणि पुढे अंडाशयाचा होता.

लहान मुलांच्या जनुक चाचण्यांविषयी आम्ही एरवी हात राखून असतो. मोठेपणी होणाऱ्या आजाराची चाचणी मुलाला स्वतः ठरवता येईपर्यंत थांबवावी, हा नियम मला मान्य आहे. हा आजार मात्र पाळण्यातच येतो. इथे थांबणे म्हणजे मुलाच्या हक्काचे रक्षण नव्हे.

मावशीचा पेच वेगळा होता. तिला दीड वर्षाचा मुलगा होता. तिचा जुना अहवाल पाहता तिच्यात दोष असण्याची शक्यता फार मोठी, आणि तसे असेल तर त्या बाळाला तो असण्याची शक्यता निम्मी. सासरी कळवले तर तिचा संसार धोक्यात येईल अशी तिच्या बहिणीची भीती. न कळवले तर बाळ तपासणीविना राहील. मावशीला आम्ही थेट फोन करावा, अशी सूचना आमच्याच चमूतून आली. ती आमची रुग्ण नव्हती आणि फोन कोण उचलेल ते सांगता येत नव्हते, म्हणून ती सूचना बाजूला ठेवली.

काय केले

धाकटीचे रक्त लगेच घेतले. खर्चाचा काही भाग एका ट्रस्टने उचलला. थोरलीचे रक्त नंतर, तिला समजेल अशा शब्दांत सांगून घेतले.

धाकटीत दोष निघाला. पाच महिन्यांची असताना सीटी झाला आणि डाव्या फुप्फुसाच्या खालच्या खंडात सुमारे दोन सेंटिमीटरची, आत पातळ पडदे असलेली पिशवी दिसली. बाळ हसतखेळत होते. खोकला नाही, ताप नाही. इतक्या लहान, काहीच त्रास नसलेल्या बाळाची छाती उघडायची का, यावर आई-वडिलांशी दोन बैठका झाल्या. सासूबाईंचा ठाम विरोध होता. एका नातवाचे हाल त्या रोज पाहत होत्या. पिशवीचे स्वरूप स्कॅनवरून सांगता येत नाही, टाइप १ ची पिशवी आणि निरुपद्रवी जन्मजात पिशवी चित्रात सारख्याच दिसतात, हे शल्यचिकित्सकांनी त्यांना समोर बसवून दोन्ही नातवंडांचे स्कॅन दाखवून सांगितले. मुलाचा नऊ महिन्यांचा एक्स-रेही दाखवला. त्या फार वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, “करा. पण त्याच्यासारखं औषध नको.” ‘त्याच्यासारखं’ म्हणजे किमो.

पिशवी काढली. अहवाल: प्ल्यूरोपल्मनरी ब्लास्टोमा, टाइप १, कडा स्वच्छ (काढलेल्या भागाच्या कडेला आजाराच्या पेशी नाहीत).

यापुढे किमो द्यायची की नाही, हा सर्वांत नाजूक निर्णय. पूर्ण काढलेल्या टाइप १ नंतर किमो हवीच, असे तज्ज्ञांचे एकमत नाही. बाजूने मुद्दा असा की आजार परतला तर तो टाइप २ किंवा ३ होऊन परततो, आणि तेव्हा उपचार कितीतरी कठोर होतात. विरोधात असा की कडा स्वच्छ होत्या, बाळ सहा महिन्यांचे होते आणि कुटुंब वेळेवर तपासणीला येईल याची खात्री होती. कर्करोगतज्ज्ञांनी लक्ष ठेवण्याचा पर्याय निवडला, पण एका अटीवर: ठरलेले स्कॅन एकदाही चुकवायचे नाहीत. मला हा निर्णय पटला. पण तो याच कुटुंबासाठी पटला. दर खेपेला एसटीच्या भाड्याची जुळवाजुळव करावी लागणारे घर असते तर मी किमोच्या बाजूने बोलले असते.

मावशीसाठी मुलाच्या आईच्या हाती एक पत्र दिले. त्यावर कुणाचे नाव नव्हते, आजाराचे नाव नव्हते. बहिणीच्या घरात गळ्याच्या गाठींचा एक आनुवंशिक प्रकार सापडला आहे, तुम्ही एकदा भेटावे, एवढेच लिहिले होते. ती दोन महिन्यांनी गळा दाखवायच्या निमित्ताने एकटी आली. सगळे ऐकून घेतले. रक्ताची चाचणी तिने नाकारली, कारण अहवाल घरात कुठेतरी सापडेल ही भीती. दरवर्षी गळ्याची आणि ओटीपोटाची सोनोग्राफी करायला ती तयार झाली. बाळासाठी दर सहा महिन्यांनी छातीच्या एक्स-रेला तिने होकार दिला. घरी सततच्या सर्दीचे कारण सांगणार होती.

काय निष्पन्न झाले

मुलाची किमो पूर्ण झाली. मध्ये दोनदा पांढऱ्या पेशी घटून ताप आला आणि त्याला भरती करावे लागले. उपचार थांबवून दोन वर्षे होऊन गेली आहेत. छाती आणि मेंदू दोन्हींचे स्कॅन आजवर स्वच्छ आहेत. तो बालवाडीत जातो.

धाकटीचेही स्कॅन स्वच्छ आहेत. तिची पोटाची सोनोग्राफी नियमित होते, कारण या दोषात मूत्रपिंडातही पिशव्या होऊ शकतात. तिला पुढे अंडाशयाची आणि आठव्या वर्षापासून थायरॉइडची तपासणी लागेल. थोरलीत दोष नाही. तो अहवाल आला तेव्हा तिची आई माझ्यासमोर पहिल्यांदा रडली. आधीच्या दोन अहवालांना ती रडली नव्हती.

आईच्या गळ्यातल्या गाठींची सुईतपासणी साधी निघाली. शस्त्रक्रिया केली नाही, लक्ष ठेवले आहे. घरात तिच्यावर ठपका येत होता, तो पूर्ण गेलेला नाही. दोष असलेल्या नातेवाइकांचा मोठा अभ्यास २०१९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात दहा वर्षांच्या वयापर्यंत सुमारे ५ टक्के आणि पन्नाशीपर्यंत सुमारे १९ टक्के जणांना गलगंड सोडून काही गाठ झाली होती. म्हणजे बहुतेकांना गलगंडापलीकडे काही होत नाही. हे आकडे मी सासूबाईंनाही सांगितले. आईने काही केले म्हणून हे झाले नाही, हे त्यांना सांगताना आकड्यांपेक्षा जास्त उपयोग झाला तो आजीच्या गळ्यावरच्या जुन्या टाक्यांचा: दोष तिच्याही आधीचा असू शकतो, आणि कुणी तो निवडून घेतलेला नसतो.

काय वेगळे करता आले असते

पहिली जागा नऊ महिन्यांच्या एक्स-रेची. गर्भारपणात न दिसलेली आणि नंतर उगवलेली पोकळी न्यूमोनिया बरा झाल्यावर दीड-दोन महिन्यांनी पुन्हा पाहायला हवी होती. न्यूमोनियाची पोकळी बहुधा विरते. ही राहिली असती आणि तिथेच सीटी झाला असता. तालुक्याच्या गावी एकट्याने ओपीडी चालवणाऱ्या डॉक्टरांना मी दोष देत नाही. हा आजार त्यांना कारकिर्दीत एकदाही दिसणार नाही असा आहे. पण परत बोलावण्याची तारीख फाइलवर असती तर कुटुंब आले असते. ते लस चुकवणारे कुटुंब नव्हते.

दुसरी जागा कुटुंबाच्या इतिहासाची. आता आमच्या केंद्रात फुप्फुसातली पिशवी असलेल्या प्रत्येक मुलाच्या घरी गलगंड, थायरॉइडची शस्त्रक्रिया, अंडाशयाची गाठ आणि मूत्रपिंडातल्या पिशव्या यांची नाव घेऊन चौकशी होते, आणि घरातल्या बायकांशी काही वेळ स्वतंत्र बोलणे होते. मावशीची गोष्ट आजीसमोर निघाली नसती.

तिसरी जागा मावशीचीच. पत्र वडिलांच्या चाचणीचा अहवाल येईपर्यंत थांबवले होते. आईचा अहवाल आला त्याच दिवशी ते देता आले असते आणि बाळाच्या वयाचे काही आठवडे वाचले असते. शिवाय रक्ताच्या अहवालाची प्रत घरी न नेता केंद्रातच ठेवता येते, हे तिला पहिल्याच भेटीत स्पष्ट सांगायला हवे होते; ते दुसऱ्या भेटीत सांगितले गेले, तोवर तिचा नकार पक्का झाला होता. तिच्या बाळाचे आतापर्यंतचे एक्स-रे स्वच्छ आहेत, पण छोटी पिशवी एक्स-रेत सुटू शकते आणि सीटी अजून झालेला नाही. पुढच्या सोनोग्राफीला ती येईल तेव्हा हा विषय पुन्हा काढायचा, आणि या खेपेला बालशल्यचिकित्सकांनाही सोबत बसवायचे, असे ठरले आहे.